‘सशर्त पात्र’ या शेऱ्यातून उभे राहणारे खटले

मा. संपादक,
स. न. वि. वि.

शासकीय रुग्णालयांतील डॉक्टरांच्या भरतीला न्यायाधिकरणाने किंवा उच्च न्यायालयाने स्थगिती दिल्याची बातमी आली की दोन ठरावीक प्रतिक्रिया ऐकू येतात. एक म्हणजे डॉक्टर मंडळी ऊठसूट कोर्टाची पायरी चढतात, आणि दुसरी म्हणजे न्यायालये प्रशासनाला काम करू देत नाहीत. एका जिल्हा रुग्णालयाच्या आस्थापना शाखेत नोकरीची बरीच वर्षे काढल्यामुळे मला या दोन्ही गोष्टी पटत नाहीत. पात्रतेच्या अटींवरून होणारे बहुतेक वाद जाहिरातीचा मसुदा ज्या टेबलावर तयार होतो तिथेच सुरू झालेले असतात. जे आधी ठरवायला हवे ते तिथे ठरवले जात नाही, आणि मग काही वर्षांनी न्यायमूर्तींना ते ठरवावे लागते.

अर्जांची छाननी प्रत्यक्षात कशी होते हे बाहेरच्या माणसाने पाहिलेले नसते, म्हणून ते थोडे सविस्तर सांगतो. जाहिरातीत ‘एमडी, एमएस किंवा समकक्ष अर्हता आणि महाराष्ट्र वैद्यक परिषदेची नोंदणी आवश्यक’ एवढेच लिहिलेले असते. एका उमेदवाराचा नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाचा निकाल अर्जाच्या अंतिम दिनांकापूर्वी लागलेला असतो, तात्पुरते पदवी प्रमाणपत्र हाती असते, दीक्षान्त समारंभ पुढे कधीतरी व्हायचा असतो, आणि वैद्यक परिषदेकडे अतिरिक्त अर्हतेच्या नोंदणीसाठी अर्ज करून शुल्क भरल्याची पावती जोडलेली असते. हा उमेदवार अंतिम दिनांकास पात्र होता की नव्हता? निकालाचा दिवस धरला तर होता, नोंदणीचा दिवस धरला तर नव्हता, आणि कोणता दिवस धरायचा याबद्दल जाहिरात गप्प असते. छाननी तक्त्याच्या शेवटच्या ‘शेरा’ या रकान्यात मग लिपिक ‘सशर्त पात्र’ असे लिहितो. त्यात कोणाचा वाईट हेतू नसतो. पदे रिकामी आहेत, वॉर्डात माणूस हवा आहे, ‘मुलाखतीला बसू द्या, मूळ कागद रुजू होताना पाहू’ असे वरून सांगितलेले असते. पण या उमेदवाराची निवड अर्ध्या गुणाने झाली आणि सर्व कागद वेळेत पूर्ण असलेला दुसरा उमेदवार प्रतीक्षा यादीत गेला, की दुसऱ्याने मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जाणे अगदी स्वाभाविक ठरते. त्याच्या जागी मी असतो तर मीही गेलो असतो.

या मुद्द्यावर कायदा संदिग्ध असता तर गोष्ट वेगळी होती. जम्मू-काश्मीरमधील अभियंत्यांच्या भरतीत नेमका हाच प्रश्न आला होता. अर्जाच्या अंतिम दिनांकाला निकाल लागलेला नव्हता, मुलाखतीपूर्वी मात्र लागला. सर्वोच्च न्यायालयाने आधी बहुमताने अशा उमेदवारांना चालवून घेतले, पण १९९७ मध्ये अशोक कुमार शर्मा प्रकरणातील पुनर्विलोकनात तो निकाल फिरवला आणि पात्रता अर्जाच्या अंतिम दिनांकासच पाहावी असे ठरवले. त्यामागे न्यायालयाने दिलेले कारण मला फार महत्त्वाचे वाटते. ज्यांनी आपण अंतिम दिनांकास पात्र नाही म्हणून प्रामाणिकपणे अर्जच केला नाही, त्यांच्यावर अशा सवलतीने अन्याय होतो. इतका स्पष्ट निकाल पाव शतकापेक्षा अधिक काळ उपलब्ध असूनही, पदव्युत्तर अर्हतेसाठी निकालाचा दिनांक ग्राह्य धरला जाईल की नोंदणीचा, हे एका वाक्यात सांगणारी जाहिरात आजही क्वचित दिसते.

जाहिरातीत न लिहिलेली गोष्ट नंतर शुद्धिपत्रकाने घालायची, ही आपल्याकडची दुसरी खोड आहे. अर्ज आल्यावर उमेदवार कमी पडले म्हणून अट सैल करायची, किंवा फार आले म्हणून किमान गुणांची चाळणी लावायची, असे दोन्ही प्रकार होतात. राजस्थान उच्च न्यायालयातील १३ अनुवादकांच्या भरतीत परीक्षा झाल्यानंतर ७५ टक्के गुणांची अट लावण्यात आली होती. तेज प्रकाश पाठक प्रकरणात ७ नोव्हेंबर २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने या संदर्भात स्पष्ट सांगितले की जाहिरात निघाल्यानंतर भरती पूर्ण होईपर्यंत पात्रतेचे निकष मध्येच बदलता येणार नाहीत. नियमांनी किंवा जाहिरातीनेच तशी मुभा ठेवली असेल तरच बदल करता येईल, आणि तो बदलही मनमानी असता कामा नये. निकाल अनुवादकांच्या निमित्ताने लागला असला तरी तो वैद्यकीय अधिकाऱ्यांच्या भरतीलाही तितकाच लागू आहे.

सर्वात अधिक गुंता मात्र ‘समकक्ष’ या शब्दाने केला आहे. वैद्यकीय महाविद्यालयातील सहायक प्राध्यापकाच्या पदासाठी डीएनबी (विद्यापीठाऐवजी राष्ट्रीय परीक्षा मंडळाकडून मिळणारी पदव्युत्तर अर्हता) झालेला उमेदवार एमडीच्या बरोबरीचा मानायचा का, हा वाद जुना आहे. राष्ट्रीय वैद्यकीय आयोग कायदा, २०१९ च्या कलम ३७ ने त्याचे उत्तर दिले, पण ते उत्तर अटींसह आहे. वैद्यकीय संस्थेला संलग्न रुग्णालयात किंवा ५०० अथवा अधिक खाटांच्या रुग्णालयात घेतलेली डीएनबी सर्व बाबतींत समकक्ष धरली जाते. इतर ठिकाणी घेतलेली असेल तर अध्यापनाच्या पदासाठी वैद्यकीय महाविद्यालयात वरिष्ठ निवासी डॉक्टर (सीनियर रेसिडेंट) म्हणून आणखी एक वर्ष काम केलेले असावे लागते. म्हणजे अर्जाची छाननी करणाऱ्याने उमेदवाराने जिथे शिक्षण घेतले त्या रुग्णालयाच्या खाटा मोजायच्या, आणि त्याही प्रवेशाच्या वर्षीच्या की उत्तीर्ण झाल्याच्या वर्षीच्या, हे स्वतःच ठरवायचे. खाटांचे प्रमाणपत्र जोडा, असे जाहिरातीत लिहिलेले नसते. एखादा उमेदवार ते स्वतःहून जोडतो, दुसरा जोडत नाही, आणि एकाच रुग्णालयातून शिकलेल्या दोघांसमोर दोन वेगळे शेरे पडतात. अशा वेळी समानतेच्या मुद्द्यावर याचिका दाखल झाली तर सरकारी वकिलाने तरी काय सांगावे?

त्यात भर म्हणजे मूळ निकष पुन्हा पुन्हा बदलत आहेत. भारतीय वैद्यक परिषदेच्या काळातील १९९८ ची अध्यापकांच्या किमान अर्हतेची विनियमावली अनेक दुरुस्त्यांसह दीर्घकाळ चालली, २०२२ मध्ये आयोगाची नवी विनियमावली आली, आणि २०२५ च्या मध्यावर ती बदलून आणखी एक आली. या शेवटच्या विनियमावलीने २२० पेक्षा अधिक खाटांच्या, अध्यापन नसलेल्या शासकीय रुग्णालयांतील तज्ज्ञांसाठी दार उघडले. दोन वर्षांचा अनुभव असलेला पदव्युत्तर तज्ज्ञ वरिष्ठ निवासी म्हणून काम न करताही सहायक प्राध्यापक होऊ शकतो, आणि दहा वर्षांचा अनुभव असलेला सहयोगी प्राध्यापक होऊ शकतो, मात्र संशोधनविषयक मूलभूत अभ्यासक्रम दोन वर्षांत पूर्ण करण्याची अट आहे. जिल्हा रुग्णालयांत आयुष्य घालवलेल्या तज्ज्ञांच्या दृष्टीने हा न्याय्य बदल आहे असे माझे मत आहे. पण महाविद्यालयात वरिष्ठ निवासी म्हणून राबलेल्या तरुणांना तो अन्यायाचा वाटतो, हेही मला समजते. राज्याचे सेवाप्रवेश नियम घटनेच्या ३०९ व्या अनुच्छेदाखाली होतात आणि आयोगाचे निकष किमान स्वरूपाचे असतात, त्यामुळे राज्याला त्यापेक्षा कडक अट ठेवता येते, सैल ठेवता येत नाही. मग राज्याने जुन्या नियमांतली कडक अट जाणूनबुजून कायम ठेवली आहे, की नियम दुरुस्त करायचे राहून गेले आहेत? नियमांत याबद्दल काही लिहिलेले नसल्यामुळे दोन्ही बाजूंचे उमेदवार आपापल्या सोयीचा अर्थ घेऊन न्यायालयात उभे राहतात.

न्यायालयाने तरी हा अर्थ लावून द्यावा, ही अपेक्षा फारशी कामाची नाही. त्यासाठी महाराष्ट्रातलेच उदाहरण आहे. औषध निरीक्षक आणि सहायक आयुक्त (औषधे) या पदांच्या भरतीत औषधांचे उत्पादन आणि चाचणी यांचा प्रत्यक्ष अनुभव मागितला होता, आणि संशोधन प्रयोगशाळेतील अनुभव त्यात धरायचा की नाही यावर वाद झाला. उच्च न्यायालयाने उमेदवारांच्या बाजूने कौल दिला होता. महाराष्ट्र लोकसेवा आयोग विरुद्ध संदीप श्रीराम वराडे या प्रकरणात मे २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. पदासाठी कोणती अर्हता हवी आणि कोणती तिच्या बरोबरीची, हे नेमणूक करणाऱ्याने ठरवायचे, न्यायालय जाहिरात नव्याने लिहू शकत नाही. जाहिरातीत संदिग्धता असेल तर प्रकरण पुन्हा नेमणूक करणाऱ्या प्राधिकाऱ्याकडेच जाईल, असे न्यायालयाने सांगितले. याचा व्यवहारातला अर्थ असा की मॅट, उच्च न्यायालय आणि सर्वोच्च न्यायालय अशी वारी करून फाइल अखेर त्याच टेबलावर परत यायची, जिथे पहिल्या दिवशी अर्धा तास खर्च करून प्रश्न मिटला असता.

तात्पुरत्या नेमणुकांचा प्रश्न याच दुखण्याचा जुनाट भाग आहे. नियमित भरती रखडली की १२० दिवसांच्या नेमणुका होतात, मध्ये एक-दोन दिवसांचा तांत्रिक खंड दिला जातो, पुन्हा आदेश निघतो. सेवापुस्तकाची पाने उलटली तर एकाच डॉक्टरच्या नावापुढे रुजू, कार्यमुक्त, रुजू, कार्यमुक्त अशा नोंदी एकाखाली एक लागलेल्या दिसतात आणि शिक्के पुसट होत गेलेले असतात. या मंडळींना कायम करावे की नाही, यावरचा न्यायनिवाडा बऱ्याच अंशी डॉक्टरांच्याच खटल्यांतून घडला आहे. रेल्वेतील तात्पुरत्या सहायक वैद्यकीय अधिकाऱ्यांच्या ए. के. जैन प्रकरणात १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने १ ऑक्टोबर १९८४ पर्यंत नेमलेल्यांची सेवा केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या सल्ल्याने नियमित करण्याचे निर्देश दिले. पुढे रेल्वेतल्याच डॉक्टरांच्या एम. ए. हक प्रकरणात, १९९३ मध्ये, नियम डावलून नेमणुका करायच्या आणि न्यायालयाच्या आदेशाने त्या पक्क्या करून घ्यायच्या या वहिवाटीबद्दल त्याच न्यायालयाने नापसंती नोंदवली. त्यानंतर लवकरच जम्मू-काश्मीरमधील वैद्यकीय अध्यापकांच्या नरिंदर मोहन प्रकरणात, नियम शिथिल करून तात्पुरत्या नेमणुका कायम करता येणार नाहीत, लोकसेवा आयोगामार्फत खुली निवडच करावी लागेल, असे ठरले. १० एप्रिल २००६ च्या उमादेवी निकालाने हीच भूमिका घटनापीठाच्या अधिकाराने पक्की केली. तिथेही मंजूर पदांवर, आवश्यक अर्हता असलेल्या आणि न्यायालयीन आदेशाच्या आधाराविना दहा वर्षे काम केलेल्यांसाठी एकदाच करायची उपाययोजना म्हणून वाट ठेवली होती. डिसेंबर २०२४ च्या जग्गो प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा बजावले की उमादेवी निकालाची ढाल करून वर्षानुवर्षे राबवून घेतलेल्या माणसांचे रास्त दावे फेटाळता येणार नाहीत.

या निकालांची टोके जुळवणे सोपे नाही, आणि मला त्यात कोणा एकाची बाजू घेणे जमत नाही. गडचिरोली किंवा नंदुरबारसारख्या जिल्ह्यात कोणी जायला तयार नसताना जो डॉक्टर गेला आणि टिकला, त्याला दहा वर्षांनी ‘तू निवड प्रक्रियेतून आला नाहीस’ असे सरकारने सांगणे निर्लज्जपणाचे आहे. ती प्रक्रिया सरकारनेच राबवली नव्हती. पण त्याच काळात पदवी घेऊन बाहेर पडलेल्या एखाद्या डॉक्टर मुलीला त्या पदाची जाहिरातच कधी दिसली नाही, वयोमर्यादा उलटून गेली, आणि पद दुसऱ्याच्या नावे कायम झाल्याचे तिला शासन निर्णयातून कळले. तिची कैफियत कोणी मांडत नाही, कारण याचिकेत ती पक्षकार नसते. तात्पुरत्या डॉक्टरांच्या संघटना आहेत, संप करण्याची त्यांची ताकद आहे, आणि ते योग्यही आहे. न निघालेल्या जाहिरातीच्या उमेदवारांची संघटना होऊ शकत नाही.

आयुष, म्हणजे आयुर्वेद, होमिओपॅथी अशा पद्धतींच्या, डॉक्टरांचा प्रश्न या पत्राच्या कक्षेत पूर्णपणे येत नाही, म्हणून त्याचा फक्त उल्लेख करतो. निवृत्तीच्या वयाबाबत ॲलोपॅथी आणि आयुष डॉक्टरांत भेद करू नये असे २०२१ मध्ये राम नरेश शर्मा प्रकरणात ठरले, तर गुजरातच्या पी. ए. भट्ट प्रकरणात २०२३ मध्ये आयुर्वेद वैद्यकीय अधिकाऱ्यांना एमबीबीएसइतक्या वेतनाचा हक्क नाही असे ठरले. या दोन दिशांतील अंतर पाहून २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा विषय मोठ्या पीठाकडे सोपवला. आपल्याकडच्या डोंगरी आणि आदिवासी भागांतील कितीतरी प्राथमिक आरोग्य केंद्रे बीएएमएस वैद्यकीय अधिकाऱ्यांच्या जोरावर चालतात, तेव्हा तो निकाल लागण्याची वाट न पाहता पदनिहाय कामे आणि अर्हता यांची सांगड राज्याने आपल्या नियमांत घालून ठेवलेली बरी.

सरकारी घोषणांमुळेही नवे वाद उभे राहतात. ३ मे २०२१ रोजी, कोविडची दुसरी लाट भरात असताना, कोविड कामाचे १०० दिवस पूर्ण करणाऱ्या वैद्यकीय कर्मचाऱ्यांना पुढील नियमित शासकीय भरतीत प्राधान्य दिले जाईल असे केंद्राने जाहीर केले. त्या वेळी ते योग्यच होते. पण प्राधान्य म्हणजे किती गुण, समान गुण असतील तरच की एरवीही, आणि ते राज्यांच्या भरतीत कसे लावायचे, हे नियमांत उतरल्याखेरीज अशा प्राधान्याला निवड यादीत काही अर्थ उरत नाही. बंधपत्रित सेवेचेही, म्हणजे वैद्यकीय शिक्षणानंतर बंधपत्रानुसार कराव्या लागणाऱ्या शासकीय सेवेचेही, तसेच आहे. बंधपत्राची सक्ती सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१९ मध्ये वैध ठरवली, परंतु सक्तीने केलेली ही सेवा पुढच्या भरतीत अनुभव म्हणून मोजायची की नाही, हे प्रत्येक जाहिरातीत स्वच्छ लिहिलेले असावे, एवढी अपेक्षा तरी गैर नाही.

खटला चालू असताना रुग्णालयात काय होते, हे न्यायालयाच्या कागदपत्रांत फारसे येत नाही. राज्य सेवेतील उमेदवाराला आधी मॅटच्या मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर पीठाकडे जावे लागते, आणि एल. चंद्रकुमार निकालानंतर, म्हणजे १९९७ पासून, तिथून उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे जाता येते. महापालिकेच्या रुग्णालयांतील डॉक्टर मॅटच्या कक्षेत येत नसल्याने ते थेट उच्च न्यायालयात जातात. दरम्यान ‘याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहून’ नेमणुकीचे आदेश निघतात. असा आदेश घेऊन आलेला भूलतज्ज्ञ ग्रामीण रुग्णालयाच्या गावी बिऱ्हाड आणत नाही, मुलांना तिथल्या शाळेत घालत नाही, आणि शहरातील खासगी रुग्णालयाचा फोन आला की निघून जातो. सिझेरियनसाठी आलेल्या बाईला मग रुग्णवाहिकेतून जिल्ह्याच्या ठिकाणी पाठवले जाते. नांदेडच्या शासकीय रुग्णालयात २०२३ च्या सप्टेंबरअखेरीस २४ तासांत २४ मृत्यू झाले, त्यांत १२ नवजात बालके होती, आणि मुंबई उच्च न्यायालयाने त्याची स्वतःहून दखल घेतली तेव्हा रिक्त पदांचा विषय पुढे आलाच. त्या मृत्यूंना केवळ रखडलेली भरती कारणीभूत होती असे मी म्हणणार नाही, पण रिक्त पदांचा आकडा असा एखादा प्रसंग घडल्यावरच न्यायालयासमोर ठेवला जावा, हे बरे नव्हे.

यावर उपाय फार खर्चाचे नाहीत. जाहिरात काढण्यापूर्वी तिचा मसुदा पंधरा दिवस संकेतस्थळावर ठेवून हरकती मागवाव्यात. त्यामुळे भरतीला उशीर होईल असा आक्षेप मी सेवेत असताना पुष्कळदा ऐकला आहे, पण एका स्थगितीत जाणाऱ्या काळापुढे पंधरा दिवस काहीच नाहीत. कोणती पदवी कोणत्या पदासाठी समकक्ष, याचा तक्ता वैद्यकीय शिक्षण संचालनालय आणि वैद्यक परिषद यांनी मिळून तयार करावा आणि तो जाहिरातीला जोडावा, डीएनबीच्या बाबतीत खाटांचा दाखला कोणत्या वर्षाचा हेही त्यात असावे. पदव्युत्तर परीक्षांचे निकाल केव्हा लागतात याचा अंदाज सर्वांना असतो, तेव्हा अर्जाचा अंतिम दिनांक त्यानंतरचा ठेवून दरवर्षी त्याच सुमारास जाहिरात द्यावी. छाननीत पात्र आणि अपात्र असे दोनच शेरे असावेत, अपात्रतेचे कारण उमेदवाराला लेखी कळवावे आणि त्यावरील हरकतीचा निर्णय मुलाखतीपूर्वी द्यावा. काही पदे लोकसेवा आयोगाच्या कक्षेबाहेर काढण्याची सोय घटनेच्या ३२० व्या अनुच्छेदाच्या परंतुकात आहे. ती वापरून निवड मंडळामार्फत भरती करायची असेल तर हे बंधन अधिकच कसोशीने पाळायला हवे, कारण आयोगाकडे जी शिस्त परंपरेने असते ती तात्पुरत्या मंडळाकडे नसते.

आज तात्पुरत्या आदेशांवर काम करत असलेल्या डॉक्टरांबाबत माझी सूचना अशी आहे की त्यांना परस्पर कायम करू नये आणि वाऱ्यावरही सोडू नये. पुढील नियमित भरतीत त्यांनी केलेल्या सेवेइतकी वयोमर्यादेची सवलत आणि सेवेच्या प्रत्येक वर्षासाठी ठरावीक, कमाल मर्यादा असलेले गुण सेवाप्रवेश नियमांतच द्यावेत, आदिवासी आणि दुर्गम भागातील सेवेला त्यात अधिक वजन द्यावे, आणि तांत्रिक खंडाचे दिवस त्या सेवेतून वजा करू नयेत. तसेच यापुढील प्रत्येक तात्पुरत्या नेमणुकीच्या आदेशात ते पद नियमित भरतीसाठी कोणत्या तारखेपर्यंत जाहिरातीत येणार आहे याचा उल्लेख बंधनकारक करावा, आणि ती तारीख टळल्यास आदेशावर सही करणाऱ्या अधिकाऱ्याने त्याची कारणे आरोग्य सचिवांना लेखी कळवावीत.

आपला विश्वासू,
आस्थापना शाखेतील एक निवृत्त कर्मचारी
(नाव प्रसिद्ध करू नये, ही विनंती)